माजलेला बगीचा

"अवो प्रणालीची माय, एका जागी उभी राहा ना बाप्पा!" गुणवंता ओरडला.

"उभीच आहो मी! फिरून तर तुम्ही राहिले!"

आवाज उजव्या हाताकडून आला. गुणवंता उजवीकडे वळला, दोन ओळी ओलांडल्या, तिसरीत डोकं घातलं. समोर संत्र्याची झाडं, त्यांच्यामागे संत्र्याची झाडं, आणि बायकोचा आवाज आता पाठीमागून यायला लागला. तो मागे फिरला, तर ज्या ओळीतून आला ती ओळच जागेवर नव्हती. तिथे आडवी दुसरीच ओळ उभी होती आणि तिच्यातल्या एका फांदीने त्याची टोपी उचलून घेतली होती.

"बायको ठेवली, टोपी ठेवली, आता पायजमाबी काढून घे!" तो झाडावर खेकसला. झाडाला काय, त्याला टोपी मिळाली होती.

आता ज्यांना आमच्याकडचं माहीत नाही त्यांच्यासाठी सांगून ठेवतो, नाहीतर म्हणाल, बगीच्यात बाई हरवते कशी. पांढुर्ण्याहून तिगावकडे निघालं की रस्त्याच्या दोन्ही अंगांना संत्र्याचे बगीचे लागतात. सगळे सरळमार्गी बगीचे. लावले तिथे उभे राहतात. रघुनाथरावांचा बगीचा मात्र फिरतो. त्याची झाडं जागा बदलतात, ओळी वळतात, सकाळची वाट दुपारी भेटत नाही. बाहेरून बिडी ओढत एक फेरी मारली तर बिडी विझायच्या आत तुम्ही पुन्हा पहिल्या धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, येता. आत गेलात की त्याला धुराच नाही. काहून फिरतो ते विचारू नका. कोणाचा बैल मारका असतो, कोणाची सून तोंडाळ असते, यांचा बगीचा फिरतो. घरच्यांनी त्याचं कधी नवल केलं नाही.

आणि बगीचा होताही इमानदार. सकाळी आत गेलेलं माणूस दिवस मावळायच्या आत तो बाहेर काढून द्यायचाच. कुठून काढेल याचा भरवसा नव्हता, म्हणून तोडाईवाल्या बाया एकेक जोड चपला दोन्हीकडच्या धुऱ्यांवर ठेवून आत शिरत. एवढाच काय तो त्रास.

पण ही इमानदारी फुकटची नव्हती. तिच्यामागे ताण होता. संत्रावाल्याला हे सांगायला नको, इतरांसाठी सांगतो. हिवाळ्यात बगीच्याचं पाणी तोडायचं. पार बंद. पानं वळतात, पिवळी पडतात, गळतात, झाड मेल्यागत दिसायला लागतं आणि पाहणाऱ्याला राहवत नाही. तेव्हा मन घट्ट करून थांबायचं. मग योग्य वेळी पाणी सोडलं की झाड अंगभर फुलतं. ताणच दिला नाही तर झाड नुसता पाला टाकत सुटतं, कधीही फुलतं, कधीही फळतं, कोणाचं ऐकत नाही. माजतं. रघुनाथराव देत तसा ताण पंचक्रोशीत कोणी देत नसे. त्यांच्या काळात पौष लागला की हा बगीचा मुकाट उभा राहायचा आणि या धुऱ्यावरून त्या धुऱ्यावरचं माणूस ओळखू यायचं.

मग मुलाच्या, गुणवंताच्या, हातात कारभार आला आणि ताण गेला. माणूस वाईट नव्हता, हीच तर सगळी पंचाईत. वळलेलं पान दिसलं की याचा जीव खालीवर व्हायचा. "थोडंसंच पाजतो," म्हणायचा आणि मोटर दाबायचा. एकदा थोडंसं, मग पुन्हा थोडंसं, असा पूर्ण हिवाळा निघून जायचा. त्याची बायको विजयमाला सौसरच्या संत्रावाल्यांची लेक. ती कपाळाला हात लावायची. "अवो, दया लेकराची करा, झाडाची नाही," म्हणायची. हा "हाव हाव" म्हणायचा आणि रात्री पुन्हा मोटरीचा आवाज यायचा.

संक्रांत झाली होती. हळदीकुंकवाला वाण म्हणून या वर्षी संत्री लुटायची असं विजयमालाने ठरवलं होतं. टोपली घेऊन निघताना तिने बजावून सांगितलं, "मी आत जाऊन राहिली. येईपर्यंत मोटरीले हात लावू नका."

"हाव," गुणवंता म्हणाला.

दुपारी ऊन तापलं. मोटरीच्या खोलीजवळच्या कोपऱ्यात एक झाड मान टाकून उभं होतं. गुणवंताने त्याच्याकडे न पाहण्याचा प्रयत्न केला. मग पाहिलं. मग उठला आणि हिरवं बटण दाबलं. थोडंसंच.

पाणी मुळाला लागताच बगीच्याने अंग झाडलं. आतून "अगं माय!" ऐकू आलं, टोपली पडल्याचा आवाज आला, आणि त्या दिवशी संध्याकाळी दोन्ही धुऱ्यांवरच्या चपला तशाच राहिल्या.

तेव्हापासून गुणवंता शोधत होता. रोज सकाळी आत शिरायचा, दिवसभर आवाजामागे धावायचा, आणि दिवस बुडताना बगीचा त्याला बरोबर मोटरीच्या खोलीपुढे बाहेर काढून टाकायचा. विजयमाला आतच. ती सकाळी दात घासायला काडी मिळत नाही म्हणून ओरडायची, दुपारी संत्री खाऊन दात आंबले म्हणून ओरडायची, आणि मधल्या वेळात नवऱ्याला ओरडायची.

त्याने डोकं चालवलं नाही असं नाही. ठिबकची नळी तर फिरत नाही ना, असा विचार त्याने केला. ती मोटरीपासून निघते आणि शेवटच्या झाडापर्यंत जाते. नळी धरून चालत राहिलं तर कुठेतरी बायको भेटलीच पाहिजे. तो वाकून, नळी हातातून न सोडता, कंबर मोडेपर्यंत चालला. नळीचं टोक सापडलं. ते मोटरीलाच जोडलेलं होतं, आणि शेजारी त्याचीच सकाळची बिडी पडलेली होती. त्याने नळीला लाथ मारली. बोट सुजलं.

मग त्याने चुना-मोरचुदाची बादली घेतली. झाडाला रोग लागू नये म्हणून बुंध्याला आम्ही हा लेप लावतो, निळसर पांढरा. जिथून जाईल तिथला बुंधा रंगवायचा, म्हणजे गेलेली वाट कळेल. बराच वेळ रंगवून त्याने मागे वळून पाहिलं. डोळा पोचेल तिथवरचा प्रत्येक बुंधा निळा होता. जिथे तो गेलाच नव्हता तिथलाही. बगीच्याने रंग आपसात वाटून घेतला होता.

"हसून राहिला का बे मले?" गुणवंता म्हणाला आणि उरलेली बादली पालथी घातली.

विजयमालाच्या फोनमध्ये तोवर जीव होता. नागपूरला शिकणाऱ्या प्रणालीने दोघांनाही आपापली जागा फोनवरून पाठवायला सांगितली. थोड्या वेळाने तिचा फोन आला. "बाबा, काय मस्करी लावली? तुम्ही अन् आई तर एकाच जागी दिसून राहिले."

"एकाच जागी असतो तं आतापर्यंत मार नसता खाल्ला मी तुह्या मायचा?" गुणवंता फोनवर ओरडला. मग लेकीवर ओरडल्याचं वाईट वाटलं आणि आवाज बसला. त्याच संध्याकाळी विजयमालाचा फोन बंद पडला.

तो पोलीस थान्यातही जाऊन आला. थान्यातल्या साहेबांनी कागद काढला, पेन काढला आणि विचारलं, "आखिरी बार कब देखा?"

"देखा नाही साहेब, पण आज सकाळीच बोलली. शिव्या दिल्या."

साहेबांनी पेनाला टोपण लावलं. "बोल रही है तो लापता कैसे? घर का मामला है भैया, घर में निपटाओ."

यात त्यांचं काय चुकलं? तो चहा न पिता परत आला.

मग सौसरहून देवीदास आला. विजयमालाचा धाकटा भाऊ. माणूस तापट. मोटरसायकलच्या मागे लाकूड कापायची मशीन बांधूनच आला. "भाऊजी, बाजूले व्हा. तुमच्या लाडानंच हे झालं." मशीन घरघरली, धुऱ्यावरचं पहिलं झाड आडवं झालं. त्याच्या जागी दोन उभी होती. देवीदासने दुसऱ्याला मशीन लावली तर आतून, कुठून तरी फार लांबून, विजयमालाचा जीव खाऊन आवाज आला, "कोण मेला झाड पाडून राहिला वो माह्या अंगावर!" इकडे कापलेली फांदी तिकडे तिच्या डोक्यावर येऊन पडली होती. देवीदासने मशीन बंद केली आणि धुऱ्यावर डोकं धरून बसला.

रघुनाथराव मोटरीच्या खोलीपुढे बाजेवर बसून इतके दिवस हे पाहत होते. बुढा कधी मधात बोलत नसे. आता त्यांनी काठीने जमिनीवर टकटक केली.

"झाले सगळे अकलेचे तारे तोडून? आता पाणी तोडा."

"बाबा, ती आत आहे," गुणवंता म्हणाला. "ताण दिला तं फळं गळतील. खाईल काय ती?"

"गळालेली खाईल."

"अन् पाणी?"

"संत्र्यात असते तेवढं." रघुनाथरावांनी मुलाकडे पाहिलं. "या बगीच्याच्या अंगात आता फिरायचं बळ आहे, ते तूच पाजलं. पाण्यावर चालून राहिला तो. पाणी संपलं की उभा राहील. पानं गळाली की आरपार दिसेल. मंग जा अन् हात धरून घेऊन ये. दुसरा उपाय माह्या बापाजवळबी नव्हता."

"अन् भाऊजीले काहून रोज बाहेर फेकते हा? ताईलेच काहून ठेवलं?" गुणवंताच्या मनात कधीचा असलेला प्रश्न देवीदासने त्याच्या वतीने विचारला. "भाऊजीले ठेवायला पायजे होतं ना!"

"पाणी देणाऱ्याले कोण कोंडून ठेवते?" रघुनाथराव म्हणाले. "जी पाणी तोडा म्हणते तिले ठेवलं."

सासऱ्याचं बोलणं आतही ऐकू गेलं असावं. "मामाजी बरोबर सांगून राहिले!" विजयमाला ओरडली. "बंद करा मोटर! माह्यासाठी थांबू नका. राहतो मी संत्र्यावर. अन् तुम्ही, प्रणालीचे बाबा! कान उघडे ठेवून ऐका! मी मेली म्हणून ओरडली तरी पाणी सोडू नका!"

"हाव," गुणवंता म्हणाला.

पाणी तोडलं. पहिले काही दिवस बगीच्याने खूप धिंगाणा घातला. ओळी इकडच्या तिकडे पळत होत्या आणि रस्त्याने जाणारे ट्रकवाले गाडी हळू करून पाहत होते. मग पानं वळायला लागली. गुणवंता सकाळी उठून धुऱ्यावर यायचा आणि एकेक पान पालथं करून पाहायचा. कोपऱ्यातलं ते झाड तर असं लोंबलं होतं, जसं कोणी लहान मूल रुसून बसावं. तो त्याच्याकडे पाठ करून बसायचा. पाठ करूनही ते दिसायचं.

पण काम होत होतं, हे त्यालाही दिसत होतं. विजयमालाचा आवाज आता एकाच बाजूने यायला लागला. एखादी ओळ जेवण होईपर्यंत जागेवर थांबायची. पिवळी पानं गळून वाट झाकून गेली, फांद्यांमधून उजेड दिसायला लागला. एका सकाळी गुणवंताला फांद्यांच्या पलीकडे हिरव्या लुगड्याचा काठ दिसला. खरंच दिसला. तो "ए! ए!" करत धावला आणि झाडांनी जोर लावून ओळ सरकवली, पण जेमतेम सरकवली. म्हातारा माणूस कूस बदलतो तशी. रघुनाथराव म्हणाले, "आठवडा अजून. मन घट्ट ठेव."

दुसऱ्या दिवशी दुपारी रघुनाथराव औषध आणायला पांढुर्ण्याला गेले. गुणवंता एकटा होता. आतून विजयमालाचा आवाज आला. त्याच्याशी बोलत नव्हती. आपल्याशीच बोलत होती, घरात भांडी घासताना बोलायची तशी.

"चिपाडं झाली वो संत्र्याची... घोटभर साधं पाणी भेटलं असतं तं..."

गुणवंता उभा राहिला. बाटलीत पाणी भरून त्याने आवाजाच्या दिशेने जोर लावून फेकली. बाटली उंच गेली, झाडांवरून गेली आणि मागच्या रस्त्यावर पडल्याचं ऐकू आलं. दुसरी फेकली. तीही रस्त्यावर. तो बाजेवर येऊन बसला. "ती म्हणलीच होती, ओरडली तरी सोडू नका," त्याने स्वतःला सांगितलं. पण ती ओरडली कुठे होती? ओरडली असती तर त्याने कान बंद केले असते. तिने हळूच म्हटलं होतं.

ठिबकच्या नळीतून घोटभर तिला भेटेल. एक बिडी होईपर्यंत. तेवढीच. त्याने बटण दाबलं.

अरे बाप्पा! बगीचा असा उसळला की धुऱ्यावरची माती उडाली. दोन दिवसांत झाडांनी नवी पालवी फोडली, हिरवीगार, चकाकती, आणि ओळी भरधाव निघाल्या. लुगड्याचा काठ, उजेड, आरपार दिसणं, सगळं गेलं. विजयमालाचा आवाज इतका दूर गेला की तिला दोन्ही हात तोंडाशी धरून ओरडावं लागत होतं.

"मोटर कोणं चालू केली?"

गुणवंता खिशात बिडी शोधायला लागला.

"म्या विचारलं, मोटर कोणं चालू केली?"

"लाईट आली, अन् आपोआप चालू झाली," तो ओरडला. "ऑटोवर होती!"

"ऑटो तं तुम्हीच मागच्या साली काढून फेकला!"

नवऱ्याचं खोटं बायकोला बगीचाभर अंतरावरूनही कळतं. गुणवंताने मान खाली घातली. रघुनाथराव बाजेवर त्याच्याकडे पाठ करून बसले.

पुन्हा पाणी तोडलं. या वेळी गुणवंताने हनुमानजीपुढे नारळ फोडून शपथ घेतली. पुन्हा पानं वळली, पुन्हा पिवळी पडली. या वेळी ती पाणी मागत नव्हती. उलट, "पाय ठीक आहे ना तुमचा?" असं विचारत होती, कारण सुजलेल्या बोटाची तक्रार त्याने मागे केली होती. ती स्वतः आत अडकली होती आणि याच्या बोटाची चौकशी करत होती. याचा त्याला जास्त त्रास झाला.

मग एक सकाळ अशी आली की आतून आवाजच आला नाही. गुणवंताने हाक मारली. देवीदासने मारली. काही नाही. ऊन वर आलं. देवीदास सरपंचाला बोलवायला गावात धावला. रघुनाथराव दुसऱ्या धुऱ्यावरून हाका मारत होते. गुणवंता मोटरीपुढे उभा होता. गेली, असं त्याच्या मनात आलं. तहानेने गेली. मी इथे पाण्याचं बटण घेऊन उभा, आणि ती तिथे...

त्याने बटण दाबलं. या वेळी थोडंसं नाही. चांगलं दाबून धरलं, रडत.

"काय झालं वो?" फार दुरून, झोपेतून उठलेला आवाज आला. "डोळा लागला होता माहा. रातभर झोप नाही... अगं माय, हे काय! पाणी कोणं सोडलं?"

तिला झोप लागली होती. इतक्या दिवसांत पहिल्यांदा गाढ झोप.

त्यानंतर तिचा आवाज रस्त्यावर ट्रक नसेल आणि वारा पडला असेल तेव्हाच ऐकू यायचा. तोही शब्द कळायचे नाहीत, नुसता सूर. भांडतेय की रडतेय हेसुद्धा समजत नव्हतं. रघुनाथरावांनी बराच वेळ कान देऊन ऐकलं आणि म्हणाले, "आता तिसऱ्यांदा तोडला ताण, तं आवाजबी येणार नाही. मंग ताण द्यायचा कोणासाठी?"

देवीदासचा तोल सुटला. "या माणसाले बाजेले बांधा! दोर आणतो मी! माह्या बहिणीले मारून राहिला हा, अन् वरून रडून राहिला!"

बरोबरच बोलत होता तो. गुणवंताला आपल्या हाताचा संताप आला होता. जगात नवरे बायकोला मारतात, उपाशी ठेवतात, टाकून देतात, आणि त्यांच्या बायका घरात असतात. तो बायकोला कधी टाकून बोलला नव्हता. तहानलेली पाहवत नाही म्हणून पाणी दिलं, आणि पाणी दिलं म्हणूनच ती भेटत नव्हती. हा कुठला न्याय? कोणाजवळ जाऊन भांडावं याच्यासाठी?

रात्रभर तो जागा होता. सकाळी उठला, मोटरीच्या खोलीत गेला, स्टार्टरचे फ्यूज उपसून काढले आणि देवीदासच्या हातात दिले. "हे घेऊन सौसरले जा. आत्ता. बाबाने बोलावल्याबिगर येऊ नको." मग खोलीला कुलूप घातलं आणि चाबी रघुनाथरावांच्या हातात ठेवली.

"बाबा, आता ताण तुम्ही द्या. तुमच्या हिशेबानं. मी मागितली तरी चाबी देऊ नका. पाया पडलो तरी देऊ नका."

"अन् तू कुठी चालला?"

"आत."

रघुनाथरावांनी पाण्याची कॅन पुढे केली. "हे तरी घेऊन जा. भेटली तं पाजशील."

गुणवंताने कॅनला हात लावला. मग मागे घेतला. "नको बाबा. वाटेत एखादं झाड मान टाकून दिसलं तं मी त्याच्याच बुडाशी ओतीन. तुम्हाले माहीत आहे. मले माहाच भरोसा नाही."

बुढ्याने काठीवर दोन्ही हात ठेवले. त्यांना काहीतरी बोलायचं होतं, पण पोराला शाबासकी द्यायची सवय नव्हती त्यांना. "कानाले फडकं बांध, गारठा आहे," एवढंच म्हणाले.

गुणवंता आत शिरला. या वेळी तो धावला नाही. रंगवलं नाही, नळी धरली नाही. चालत राहिला. झाडं तेलकट हिरवी होती, नुकतीच पोटभर प्यालेली, आणि त्याच्या दोन्ही बाजूंनी मस्तीत सरकत होती. त्याला वाटलं, पाणी तुटलं हे यांना अजून कळलं नाही. बरेच दिवस लागतील. वर फुलं होती, मधात फळं होती, खायला कमी नव्हतं. त्याने एक संत्रं सोललं. गोड होतं. त्याचाही त्याला राग आला.

दुपार कलली. पुढे एका वळणावर कोवळं रोप होतं, कधी कोणी लावलेलं कोणास ठाऊक, नळीपासून लांब. त्याची पानं आताच वळली होती. गुणवंता त्याच्यापुढे उभा राहिला आणि त्याचा हात सवयीने बाजूला गेला, बटणाकडे जायचा तसा. तिथे काही नव्हतं. दोन्ही हात रिकामे होते. आयुष्यात पहिल्यांदा तो सुकणाऱ्या झाडापुढे काहीही न करता उभा होता. त्याला रडू आलं. पोरासारखा रडला, नाक पुसलं, आणि तसाच उभा राहिला.

दिवस बुडाला. तो वाट पाहत होता, आता ओळी फिरतील, आता आपण मोटरीच्या खोलीपुढे जाऊन पडू. ओळी फिरल्या. पण त्याला कोणी बाहेर काढलं नाही. झाडं त्याच्या चहूकडे दाटीने उभी राहिली आणि वर चांदणी दिसायला लागली.

"प्रणालीची माय!" त्याने हाक मारली.

मग दुरून, पण शब्द कळतील असा, तिचा आवाज आला. आत आल्यामुळे असेल. "अवो... तुम्ही? दिवस बुडाला ना! अजून आतच काहून?"

"आतच आहो."

"बाहेर नाही काढलं तुम्हाले?"

"नाही काढलं."

तिचा आवाज बदलला, जरा दचकल्यासारखा. "मोटर कोणाजवळ आहे?"

"बाबाजवळ."

"अन् चाबी?"

"चाबी बाबाजवळ. फ्यूज सौसरले. देवीदास घेऊन गेला." त्याने आपल्या रिकाम्या हातांकडे पाहिलं. "पाणी नाही आणलं मी तुह्यासाठी. घोटभरबी नाही. मी... म्या हाती नाही घेतलं."

लांब कुठेतरी तिगावला रेल्वेगाडी थांबल्याचा आवाज आला आणि परत सुटल्याचा. गुणवंताला वाटलं, आता ती ओरडेल. तिने ओरडावं असंच त्याला वाटत होतं.

"खरंच नाही आणलं?" तिने हळूच विचारलं.

"खरंच."

"मंग बसा खाली," विजयमाला म्हणाली, आणि इतक्या दिवसांत पहिल्यांदा तिच्या आवाजात राग नव्हता. "अंगावर काही घ्या. धावपळ करू नका. मामाजीचा ताण आहे, झाडं उभी राहतील. आता भेटतो आपण."

गुणवंता त्या वळलेल्या पानांच्या रोपाशेजारी, थंड मातीवर बसला.